कालनियंत्रक यंत्राची तजवीज

आमच्या शहापूरच्या घरात चार घड्याळे आहेत आणि त्यांपैकी एकही खरी वेळ दाखवीत नाही, ही गोष्ट परक्या माणसास निष्काळजीपणाची वाटण्याचा संभव असला, तरी वस्तुतः ती एका दीर्घकालीन कौटुंबिक धोरणाची फलश्रुती आहे. मी घरातून वेळेवर बाहेर पडावे या सद्धेतूने दिवाणखान्यातील घड्याळ दहा मिनिटे पुढे करण्यात आले. ते पुढे असल्याची बातमी मला लागली आहे हे आमच्या कुटुंबाच्या ध्यानी येताच स्वयंपाकघरातील घड्याळ वीस मिनिटे पुढे सारण्यात आले. देवघराबाहेरच्या घड्याळास, देवासमोर लबाडी नको म्हणून, कोणी हात लावला नाही, परंतु त्यामुळेच ते आपल्या सेलच्या मगदुराप्रमाणे मागे मागे पडत गेले. आणि माझ्या मनगटावरील घड्याळाविषयी एवढेच सांगितले म्हणजे पुरे की, ते मला सेवानिवृत्तीच्या समारंभात एका सरकारी कचेरीने भेट दिलेले आहे. आमच्याकडे घड्याळाकडे पाहून वेळ कळत नाही. कोणत्या खोलीत उभे राहून पाहिले हे आठवून, त्यातून योग्य ती रक्कम वजा करून, उरलेल्या आकड्यावर थोडासा अविश्वास ठेवून ती ठरवावी लागते. घरातील लहान मुले या पद्धतीमुळे वजाबाकीत तरबेज झाली आहेत. पाहुण्यांचे मात्र हाल होतात. कल्याणकडचे आमचे व्याही एकदा मुक्कामास असताना त्यांची दृष्टी स्वयंपाकघरातील घड्याळावर गेली आणि ते हातातील पोह्यांची बशी तशीच खाली ठेवून, पिशवीचा एकच बंद धरून आसनगाव स्टेशनाकडे जे धावत सुटले, ते तेथे पोहोचल्यावर असे निष्पन्न झाले की, त्यांना जी गाडी पकडावयाची होती तिच्या आधीची गाडीसुद्धा अद्याप यावयाची होती. त्यानंतर व्याही आमच्याकडे मुक्कामास आले नाहीत, आणि हा लाभ धोरण आखताना आमच्या हिशेबात धरलेला नव्हता.

अशा या घरात आमचा भाचा, जो ठाण्याकडे यंत्रशास्त्राचे शिक्षण घेत असून सुट्टीत आमच्याकडे झोपा काढावयास येतो, काळाचा ओघ ताब्यात ठेवणाऱ्या एका यंत्राची वार्ता घेऊन आला. यंत्र काल्पनिक होते. कोठल्याशा विज्ञानकथेत त्याने त्याचे वर्णन वाचले होते. एच. जी. वेल्स या इंग्रज लेखकाने १८९५ साली कालयंत्रावर कादंबरी लिहिली हे मलाही ठाऊक होते, व ते मी मोठ्या ऐटीत सांगितले. पण भाच्याने ते जुने मॉडेल म्हणून तत्काळ निकालात काढले. वेल्सचा माणूस यंत्रावर बसून काळातून पुढे-मागे प्रवास करतो, काळ आपला वाहतो तसाच वाहत राहतो. नव्या यंत्राचा मालक मात्र जागचा हलत नाही, तर भातसा धरणाचे दरवाजे खालीवर करणाऱ्या कर्मचाऱ्याप्रमाणे तो काळच कमी-अधिक सोडतो.

"मामा, काड्यापेटीएवढं यंत्र. चक्र डावीकडे फिरवलं की काळ मंद, उजवीकडे फिरवलं की वेगवान, आणि मधलं बटण दाबलं की सगळं विश्व स्तब्ध."

"आणि यंत्र ज्याच्या हातात आहे तो?"

"त्याचं सगळं नेहमीसारखं चालू. तीच तर गंमत आहे."

"उतू जाणारं दूध थांबेल का रे?" आतून प्रश्न आला.

"मामी, अख्खं विश्व थांबेल!"

"विश्वाचं मला काय करायचंय? दूध थांबल्याशी कारण."

काल्पनिक वस्तूची बातमी आमच्या आळीत खऱ्या वस्तूच्या बातमीपेक्षा लवकर पसरते. संध्याकाळपर्यंत ओसरीवर मंडळी जमली आणि जो तो आपापली मागणी नोंदवू लागला. शेजारच्या गुरुजींना परीक्षेच्या पर्यवेक्षणाचे तीन तास भरधाव आणि मे महिना रखडत चालणारा हवा होता. पलीकडच्या आळीतील एका शेतकऱ्याने, भात कापून खळ्यावर येईतो परतीचा पाऊस आहे तेथेच टांगून ठेवता येईल काय, अशी पृच्छा केली, व ती मला सर्वांत वाजवी वाटली. समोरच्या वहिनींना पाण्याचा टँकर आला की जग थांबावयास हवे होते, म्हणजे त्यांना घरातून हंडे आणून रांगेत पहिला नंबर लावता आला असता. (ज्या तालुक्यातील तानसा तलावाचे पाणी १८९२ पासून अहोरात्र मुंबईस जाते, त्याच तालुक्यात उन्हाळ्यात टँकरची वाट पाहावी लागते, तिकडच्या जलवाहिनीस वेळेवर पोहोचण्यासाठी कोणत्याही यंत्राची गरज पडलेली नाही.) मी स्वतः निवृत्तिवेतनाची तारीख जवळ आणणारे आणि विजेच्या देयकाची तारीख लांबवणारे यंत्र पसंत केले. एक गोष्ट मात्र माझ्या लक्षात आल्यावाचून राहिली नाही: आपला स्वतःचा वेळ आवरता यावा म्हणून यंत्र मागणारा एकही इसम त्या ओसरीवर नव्हता. प्रत्येकास ते दुसऱ्यावर रोखावयाचे होते.

भाच्याने मग शास्त्राकडे मोर्चा वळवला. आइन्स्टाईनने १९०५ साली असे दाखवून दिले की, काळाची गती सर्वांना सारखी नसून ती पाहणाऱ्याच्या वेगावर अवलंबून असते, आणि पुढे दहा वर्षांनी त्यात अशी भर घातली की, पृथ्वीच्या जितके जवळ जावे तितका काळ मंद वाहतो. अमेरिकेतील शास्त्रज्ञांनी २०१० साली दोन अणुघड्याळांपैकी एक जेमतेम फूटभर उंच उचलून धरले, तर तेवढ्यानेही ते किंचित पुढे धावू लागल्याचे आढळले. याचा अर्थ, मुरबाड तालुक्यातील घाटाखालच्या टोकावड्याच्या माणसापेक्षा माळशेज घाटाच्या माथ्यावरचा माणूस लवकर म्हातारा होतो. किती लवकर, हे सांगण्यासाठी दशांशचिन्हानंतर इतकी शून्ये मांडावी लागतात की, ती मांडीपर्यंत दोघेही म्हातारे व्हावेत.

"तरीच दादाचे केस लवकर पिकले," आमचे कुटुंब म्हणाले. त्यांचे माहेर घाटमाथ्यावरचे आहे. "आणि तुम्ही इतकी वर्षं म्हणत होता, वहिनीमुळे पिकले."

भाच्याची स्वतःची इच्छा दोन हजार वर्षे मागे जाऊन सातवाहनांच्या अमदानीतला नाणेघाट पाहण्याची होती, कारण घाटाच्या पायथ्याचे वैशाखरे गाव आमच्या ओळखीचे आहे व तेथे जेवणाची सोय होऊ शकेल असा त्याचा समज होता. त्यावर त्याच्या मामीने, घाटमाथ्यावर जकातीसाठी ठेवलेला म्हणून दाखवतात तो दगडी रांजण त्या काळी नुसता दाखवण्यासाठी नसेल, तेव्हा जाताना सुटे पैसे घेऊन जा, असा व्यवहारी सल्ला दिला.

माझ्या मते ही सर्व चर्चा अस्थानी होती, कारण दुसऱ्याच्या काळावर अंमल बसवण्याचे यंत्र या मुलुखात दीडशे वर्षांपूर्वीच येऊन गेलेले आहे आणि त्याची हकीकत कोणत्याही कल्पित कथेस लाज आणील अशी आहे. आगगाडी १८५३ साली मुंबईहून ठाण्यास आली, आणि यथावकाश कल्याण, कसारा करीत थळ घाट चढून गेली. सूर्य उगवेल त्याप्रमाणे प्रत्येक गावाने आपापली वेळ ठेवावी हा तोवरचा शिरस्ता. परंतु कलकत्त्याच्या सूर्याशी मुंबईच्या सूर्याचा मेळ घालणारे वेळापत्रक छापणे रेल्वेवाल्यांना अशक्य झाले, तेव्हा त्यांनी तडजोड म्हणून मद्रासची वेळ पत्करली. मद्रासची वेळ मुंबईच्या वेळेपुढे सुमारे अर्धा तास. म्हणजे आमच्या तालुक्यातील एखादा कुळकर्णी दप्तर काखोटीस मारून, सूर्याकडे पाहत, नेमक्या वेळी स्टेशनावर येऊन उभा राहिला असेल तेव्हा गाडी अर्ध्या तासापूर्वीच गेलेली असणार, आणि स्टेशनमास्तर त्याला सांगत असणार की, रावसाहेब, सूर्य बरोबर आहे, पण तो मद्रासेत.

एवढ्यावर थांबते तर ते सरकार कसले? १८८१ साली गव्हर्नर सर जेम्स फर्ग्युसन, ज्यांचे नाव पुढे पुण्याच्या महाविद्यालयास मिळाले, यांनी मुंबईच्या सरकारी कचेऱ्यांतही मद्रासची वेळ पाळावी असे फर्मान काढले. मुंबईकर इतर पुष्कळ गोष्टी सोसतात, पण आपल्या अर्ध्या तासाला मद्रासचा हात लागलेला त्यांना सोसला नाही. बोभाटा झाला, आणि दोन वर्षांनी तो हुकूम मागे घ्यावा लागला. पुढे १ जानेवारी १९०६ पासून सबंध हिंदुस्थानास एकच प्रमाणवेळ लागू झाली, ती साडेब्याऐंशी अंश पूर्व रेखांशाची. काळ प्रत्येकाचा निराळा असतो असे आइन्स्टाईनने लिहून त्या कागदावरची शाई पुरती वाळली नव्हती, तोच काळ सर्वांचा एकच असल्याचे सरकारने कळवले. आणि दोहोंपैकी कोणाचे ऐकावे हे ठरवताना मुंबई महानगरपालिकेने तिसराच मार्ग पत्करून स्वतःची मुंबई वेळ, जी प्रमाणवेळेच्या एकोणचाळीस मिनिटे मागे होती, ती उराशी धरून ठेवली. हा वेगळेपणा १९५५ पर्यंत टिकला. बंडे मोडली, राज्ये गेली, देश स्वतंत्र झाला, घटना लिहून झाली, तरी मुंबईत काही घड्याळे आपली एकोणचाळीस मिनिटे सोडावयास तयार नव्हती. दरम्यान महायुद्धाच्या धामधुमीत, १९४२ पासून १९४५ पर्यंत, सरकारने देशभरची घड्याळे आणखी एक तास पुढे लोटली होती. या सगळ्या उलाढालींत शहापूर-मुरबाडचा सूर्य मात्र अद्याप सरासरीने प्रमाणवेळेचे बारा वाजल्यानंतर सदतीस मिनिटांनीच माथ्यावर येतो. तेव्हा इकडचा मनुष्य ठरल्या वेळेनंतर सदतीस मिनिटांपर्यंत उशिरा आला, तर तो खगोलशास्त्राच्या मर्यादेत वागतो असेच मानले पाहिजे. त्यापुढच्या विलंबाची जबाबदारी मी सूर्यावर टाकू इच्छीत नाही.

ही हकीकत मी भाच्यास सविस्तर ऐकवली. तिचा त्याच्या मनावर परिणाम झाला, पण विपरीत झाला. दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेत अणुघड्याळांच्या साह्याने देशाची वेळ राखली जाते, आणि त्याच देशाचा नागरिक असलेला आपला मामा रोज सकाळी वजाबाकी करीत बसतो, हे त्याला इतके लांच्छनास्पद वाटले की, रात्री सर्व निजल्यावर त्याने खुर्चीवर चढून घरातील सगळी घड्याळे प्रमाणवेळेशी सेकंदाबरहुकूम जुळवली, आणि पहाटेच्या पहिल्या लोकलने तो ठाण्यास निघून गेला. जाताना चिठ्ठी ठेवली होती; ती दुधाच्या पातेल्याखाली होती.

त्या दिवशी आमच्या घरात प्रथमच खरी वेळ नांदली आणि असा हाहाकार पूर्वी कधी झाला नव्हता. मी स्वयंपाकघरातील घड्याळात साडेसात पाहिले, सवयीने वीस मिनिटे वजा केली आणि वर्तमानपत्र उघडले. कुटुंबाने दिवाणखान्यातून दहा वजा करून चहा टाकला. नातवाने दोन्ही घड्याळे पाहिली, दोहोंत तफावत नाही असे दिसताच सेल संपला असावा असे अनुमान काढले आणि तो पुन्हा झोपला. शाळेची गाडी दारावरून शंख करीत निघून गेली, दूध उतू गेले, आणि त्या दुधाने भिजलेली चिठ्ठी जेव्हा हाती लागली तेव्हा तीत केवळ 'आता सगळं बरोबर' एवढीच अक्षरे वाचनीय उरली होती. मला किन्हवली-सरळगावच्या रस्त्याने एका कचेरीत दाखल्यासाठी जावयाचे होते. थांब्यावर पोहोचलो तो गाडीची धूळ तेवढी अंतरिक्षात होती. तेथे बसलेल्या एका वृद्ध गृहस्थांना मी पुढच्या गाडीची वेळ विचारली.

"येल की, बसा," ते म्हणाले.

"पण कधी?"

"बसा तर खरं. उभं ऱ्हायलं म्हणून काय लवकर येते व्हय?"

या युक्तिवादास उत्तर नव्हते. मी बसलो.

कचेरीत मी तासाभराने उशिरा पोहोचलो आणि तरीही पहिला ठरलो. कचेरी कोणती, तालुका कोणता, खाते कोणते हे मी शेजारधर्मास स्मरून सांगत नाही. शिवाय ज्या वाचकांनी महाराष्ट्रात कोठेही एखादा दाखला काढला आहे त्यांना ते सांगण्याची जरूर नाही. समोरच्या भिंतीवरील घड्याळात सव्वाअकरा वाजले होते. पुष्कळ वेळाने पाहिले तरी सव्वाअकराच वाजलेले होते.

"हे घड्याळ बंद आहे का हो?" मी शिपायास विचारले.

"सेल संपलाय. मागणीपत्र केलंय, साहेबांच्या सहीला ठेवलंय."

"साहेब केव्हा येतात?"

"बरोबर सव्वाअकराला."

आणि खरोखरच, मध्यान्ह उलटल्यावर साहेब आले तेव्हा घड्याळात सव्वाअकरा वाजले होते. वेल्सने आणि भाच्याने मिळून जे कल्पिले ते येथे एका खिळ्यावर टांगलेले पाहून मी थक्क झालो.

बाकावर माझ्या शेजारी वारसनोंदीच्या कामासाठी आलेले एक म्हातारबाबा होते. वेळ जावा म्हणून मी त्यांना भागवतातली रैवत राजाची गोष्ट सांगितली. या राजाची कन्या रेवती उपवर झाली, तेव्हा तिच्यासाठी योग्य वर कोण, हे विचारण्यास तो तिला घेऊन थेट ब्रह्मदेवाकडे गेला. तेथे गंधर्वांचे गायन चालू होते, म्हणून तो क्षणभर थांबला. गायन संपल्यावर त्याने स्थळांची यादी पुढे केली, तेव्हा ब्रह्मदेव हसून म्हणाला की, तू येथे थांबलास तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे लोटली; यादीतले वर सोड, त्यांचे पणतूदेखील आता शिल्लक नाहीत.

"त्यानं आधी अर्ज दिला व्हता का?" बाबांनी विचारले.

"तसा उल्लेख नाही."

"तिथंच चुकला. मंग पोरीचं काय झालं?"

परत आल्यावर रेवती बलरामाला दिली, परंतु ती पडली मागच्या युगातली, तेव्हा उंचीने अवाढव्य. म्हणून बलरामाने नांगराच्या फाळाने तिला खाली ओढून आपल्या मापाची केली, असे विष्णुपुराण सांगते. बाबा पुष्कळ वेळ विचारात पडले. नंतर म्हणाले, "नांगर आमच्याकडं बी हाय. पर साहेबापाशी चालायचा न्हाई."

माझा अर्ज कोठे आहे याची चौकशी केली तेव्हा तेथील भाऊसाहेबांनी मला मोठ्या सौजन्याने वागवले. मीही सरकारी नोकरीत केस पांढरे केलेले असल्यामुळे कायद्याच्या भाषेत बोलू लागलो. महाराष्ट्रात शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणाऱ्या विलंबास प्रतिबंध करणारा २००५ सालचा एक अधिनियम आहे. त्याचे नाव पूर्ण उच्चारण्यातच काही विलंब होतो हे खरे, परंतु कोणतीही नस्ती एका कर्मचाऱ्याकडे कामकाजाच्या सात दिवसांपेक्षा अधिक काळ पडून राहता कामा नये, असे त्यात स्वच्छ म्हटले आहे.

"अगदी बरोबर," भाऊसाहेब म्हणाले, "म्हणूनच आम्ही सहाव्या दिवशी ती पुढच्या टेबलावर देतो."

"आणि ते?"

"तेही कायदा पाळतात. ते आमच्याकडे परत देतात."

मी गप्प बसलो, कारण ही युक्ती आमच्याही काळात होती. फरक इतकाच की, तेव्हा तिला कायद्याचा आधार नव्हता. पुढे मी असेही विचारले की, शनिवारी आलो तर काम होईल काय. त्यावर त्यांनी माझ्याकडे ज्या करुणेने पाहिले ती मी विसरणार नाही. आठवड्यातला एक कामाचा दिवस अंतर्धान पाववण्याचा शासनाचा निर्णय २९ फेब्रुवारी २०२० रोजी अमलात आला. त्यासाठी चार वर्षांतून एकदाच उगवणारी तारीख नेमकी साधावी, यात मला एक प्रकारची काव्यमयता वाटते. नाहीशा केलेल्या शनिवारची भरपाई म्हणून उरलेले पाच दिवस पावणेदहापासून सव्वासहापर्यंत ताणण्यात आले. काळ ताणता येतो आणि आक्रसताही येतो, हे सिद्ध करण्यास आइन्स्टाईनला गणित मांडावे लागले. आमच्याकडे ते परिपत्रकाने झाले. दाखला मला मिळाला नाही. तो तयार होता, परंतु ज्या कपाटात होता त्याची किल्ली जेवावयास गेली होती.

परतीच्या वाटेवर किन्हवलीच्या बाजूला एक लग्न गाठावयाचे होते. पत्रिकेत गोरज मुहूर्त सहा वाजून एकवीस मिनिटांचा छापलेला. 'एकवीस' या आकड्यातील काटेकोरपणा पाहून परदेशी माणसाची अशी समजूत व्हावी की, ही मंडळी सेकंदावर जगत असली पाहिजेत. पूर्वी मांडवात घंगाळातील पाण्यावर घटिकापात्र सोडीत. तांब्याच्या त्या वाटीच्या बुडाला बारीक छिद्र असे, त्यातून पाणी शिरून ती चोवीस मिनिटांत बुडाली की एक घटिका भरली. दोन घटिकांचा एक मुहूर्त. वाटीस कोणाची भीड नसे. नवरदेवाचा मामा रुसला म्हणून ती तरंगत राहिली असे कधी ऐकिवात नाही. आता मात्र मुहूर्ताचा निकाल ध्वनिक्षेपकाच्या भिंतीपुढे नाचणारे नवरदेवाचे मित्र देतात. मी दीड तास उशिरा, घामाघूम होऊन, मनात क्षमेची वाक्ये जुळवीत मांडवात शिरलो, तो आत फक्त वधूपक्ष, अक्षता वाटणारी दोन मुले आणि गुरुजी. नवरदेव वेशीपाशी घोड्यावर होता, आणि घोडा नाचणाऱ्यांच्या मर्जीने चालला होता.

"गुरुजी, मुहूर्त टळला ना?" वधूच्या चुलत्यांनी काकुळतीने विचारले.

"टळत नसतो," गुरुजींनी पंचांग मिटून खाली ठेवले. "नवरदेव आला की लागतो."

एवढा निर्भय कालनियंता मी दुसरा पाहिला नाही. जेवणास रात्रीचे अकरा वाजले आणि घरी आलो तेव्हा कुटुंबाने, देवघराबाहेरच्या घड्याळाकडे बोट दाखवून, मी कोठल्या युगातून परत आलो याची चौकशी केली.

काळ उलटा फिरवण्याचा प्रयोग आमच्या बाजूस एकाच ठिकाणी खराखुरा यशस्वी झाला आहे, आणि त्याचे श्रेय कोणत्याही चक्राला वा बटणाला नाही. मुरबाड तालुक्यातील फांगणे गावी योगेंद्र बांगर या जिल्हा परिषदेच्या शिक्षकांनी ८ मार्च २०१६ रोजी आजीबाईंची शाळा उघडली. साठीच्या पुढच्या, काही तर नव्वदीला टेकलेल्या आजीबाई गुलाबी लुगडी नेसून, पाठीस दप्तर लावून दुपारी तेथे बाराखडी गिरवू लागल्या. काहींना पाटीवरचा धडा समजावयास घरी नातवंडांचे साह्य घ्यावे लागे. तेथे पुढे गेलेले घड्याळ साठ-सत्तर वर्षे मागे नेण्यात आले आणि कोणाही दुसऱ्याचे एक मिनिट त्यात खर्ची पडले नाही. मी ही गोष्ट आमच्या कुटुंबास मोठ्या कौतुकाने सांगितली. त्यावर त्या म्हणाल्या, "आज्या दुपारी मोकळ्या होतात, कारण सकाळची सगळी कामं त्यांनी उरकलेली असतात. तुमची कोणती उरकली आहेत?"

भाचा पुढच्या सुट्टीत पुन्हा आला, तेव्हा त्याने असे यंत्र आपण स्वतःच बनवणार असल्याची घोषणा केली आणि त्याच्या रचनेविषयी माझ्या काही सूचना असल्यास त्या लेखी द्याव्यात, असे सुचवले. मी अर्जाच्या रीतसर नमुन्यात त्या लिहून दिल्या आहेत, आणि अन्य कोणी संशोधक हे काम हाती घेणार असल्यास त्यांच्याही माहितीसाठी त्यांचा गोषवारा येथे देतो. चक्र, बटणे व आकार यांबाबत माझे काही म्हणणे नाही. फक्त यंत्र असे करावे की, ज्याच्या हातात ते असेल त्याच्यावरच ते चालावे, दुसऱ्या कोणावरही नव्हे. या एका अटीवर ते बाजारात आणल्यास शहापूर व मुरबाड या दोन्ही तालुक्यांत मिळून त्याचा एकही नग खपणार नाही, याची हमी मी आजच लिहून देण्यास तयार आहे. आमच्या घरापुरती तर मामीने ती भाच्यास तोंडी दिलेलीच आहे.